डायरेक्टरचा पांढरा कुत्रा

दारातून तो कधी हात मिळवायचा नाही. तुम्ही आत, तो बाहेर, आणि तुम्ही हात पुढे केलात, तर तो आपला हात मागे घ्यायचा, उंबरठा ओलांडून आत यायचा आणि मग दोन्ही हातांनी तुमचा हात धरायचा. नाहीतर तुम्हालाच बाहेर ओढायचा. त्याच्या देशात, पोलंडात, उंबरठ्यावरून हात मिळवला की भांडण होतं म्हणतात. मी जन्मभर दारं-चौकटी केल्या. उंबरठ्याचा मान ठेवणारा गोरा माणूस मी तेवढा एकच पाहिला. म्हणून त्याचं पुढचं सगळं मी चालवून घेतलं. सगळं म्हणजे, एक सोडून.

ही नव्वदनंतरची गोष्ट. मी तेव्हा ओमानात, खाबुऱ्यात सुतारकाम करत होतो. मस्कतपासून किनाऱ्याकिनाऱ्याने वर गेलं की खाबुरा लागतं. माशांचा बाजार, लिंबाच्या बागा आणि वारा. तिथं सगळे त्याला डायरेक्टर म्हणायचे. नाव होतं त्याला, पण ते घ्यायचं म्हणजे जिभेला कसरत. मी त्या भानगडीत पडलो नाही. तोही मला नावाने हाक मारत नसे. 'पान कारपेंटर' म्हणायचा. पान म्हणजे त्यांच्यात राव, साहेब. मासळीबाजारात झाडू मारणारा बंगाली असो की आमचा मालक, अर्बाब, त्याला सगळेच पान. मला त्या मुलखात साहेब म्हणणारा दुसरा कोणी नव्हता, हेही इथंच सांगून ठेवतो, कारण पुढे त्याचा संबंध आहे.

आमची ओळख भांडणातून झाली. माझं वर्कशॉप समुद्राकडे जाणाऱ्या रस्त्यावर होतं. माझं म्हणजे अर्बाबचं. मालक तो, राबणारा मी. मागच्या भिंतीपलीकडे, झापांच्या सावलीत एक ओमानी म्हातारा बसायचा. त्याला गाव शायब म्हणे, शायब म्हणजे म्हातारबुवा. तो शाशा बांधायचा. खजुराच्या झावळ्यांचे दांडे दोरीने एकमेकांना आवळून केलेली होडी, तिला शाशा म्हणतात. फळी नाही, खिळा नाही. पाणी आत येतं, बाहेर जातं, आणि तरी ती बुडत नाही. सुताराला ती होडी बघून राग येतो. तोवर किनाऱ्यावर सगळ्यांकडे फायबरच्या होड्या आल्या होत्या, शायबच्या मुलांकडेसुद्धा. पण हा आपला बांधतोय. डोळे जात चालले होते, बोटांनी चाचपून गाठी मारायचा. ही शेवटची, असं स्वतःच म्हणायचा.

एके सकाळी मी चौकटीला खाच पाडत होतो. पटाशीवर मोगरी, ठोक, ठोक. दारात सावली पडली. उंच म्हातारा, पांढऱ्या मिशा, आणि त्या उकाड्यात अंगात लोकरीचं बिनबाह्यांचं जाकीट. त्याला खिसेच खिसे.

"प्लीज," तो म्हणाला, "स्टॉप. वी मेक फिल्म. बिहाइंड."

मी म्हटलं, "नो स्टॉप."

"लिटल टाइम."

"नो लिटल टाइम. डोअर टुमॉरो. अर्बाब अँग्री."

अर्बाब मस्कतला गेला होता, रागावणारं कोणी नव्हतं. पण कोणी येऊन थांब म्हटलं की माझा हात थांबत नाही. स्वभाव आहे, आणि या वयात मी तो बदलणार नाही.

तो आत आला, फळ्यांच्या थप्पीवर बसला आणि डोळे मिटले. मला वाटलं, उन्हाने घेरी आली. मी ठोकत राहिलो. बऱ्याच वेळाने डोळे मिटलेलेच ठेवून तो भिंतीपलीकडे ओरडला, "कॅमेरा! गो!" आणि मला म्हणाला, "पान कारपेंटर, नाऊ नो स्टॉप. प्लीज."

झालं. थांबू नको म्हणाला म्हणून मी थांबलो.

त्याने एक डोळा उघडला. मिशा थरथरल्या. मग तो असा हसला की जाकिटाच्या खिशातल्या पेन्सिली वाजल्या. "यू," तो म्हणाला, "यू आर पोलिश." मी चहा ठेवला. चहा झाल्यावर मी परत मोगरी उचलली. माझ्या कामासाठी. त्याच्यासाठी नाही.

त्याचं इंग्रजी आणि माझं इंग्रजी सारखंच मोडकं, म्हणून आमचं छान जमलं. धड इंग्रजी बोलणाऱ्यांशी दोघांचंही जमत नसे. अर्बाबने त्याला वर्कशॉपशेजारची खोली भाड्याने दिली आणि तो रोज सकाळी फळ्यांवर येऊन बसायला लागला. मस्कतच्या एका ऑफिसासाठी तो आमच्या किनाऱ्यावर सिनेमा करत होता. मासळी, लिंबं, नवे रस्ते, नवी होडी, जुनी होडी. टीव्हीवर दाखवायचा होता.

त्याच्याबरोबर एक केरळचा कॅमेरामन होता. तो चहाला आला की माझ्याकडे रडायचा. "चाचा, ये साब शूटिंग देखता नहीं, सुनता है. दुसरा डायरेक्टर बोलेगा लाइट गलत है. ये बोलता है हवा गलत है. अभी हवा को मैं क्या करूँ?"

खरंच होतं ते. कॅमेरा सुरू झाला की डायरेक्टर पाठ फिरवायचा. डोळे मिटून, मान जरा वाकडी करून उभा. मी विचारलं, "व्हाय नो लुक?" म्हणाला, "कॅमेरा लुक. टू पीपल लुक, नो नीड." आणि कोणी घाई केली की त्याचा एक शब्द ठरलेला. पोवोली. सावकाश. मुकादमाला पोवोली, टॅक्सीवाल्याला पोवोली, एकदा तर पोलीस गाडी बाजूला घे म्हणून हात करत होता, त्यालाही पोवोली. पोलीस हसला आणि सोडून दिलं. मी केलं असतं तर गाडीत घातलं असतं.

खाणं विचित्र. उकडलेले बटाटे, त्यावर मीठ, वर बचकभर चिरलेला शेपू आणि बाजूला ताकाचा डबा, तिथलं लबन. रोज रात्री तेच. शेपू! मी लहानपणी शेपूचं ताट ढकललं म्हणून आईचा मार खाल्लेला माणूस. इथं सातासमुद्रापार एक म्हातारा जुडी नाकाला लावून डोळे मिटतोय. "माय मदर," म्हणायचा. मी म्हणायचो, "माय मदर आल्सो. बट मी रन."

एका शुक्रवारी मी त्याला मस्कतला, दार्सैतला माझ्या पुतण्याकडे जेवायला नेलं. पुतण्या तिथं रुवीत अकाउंटला होता. चांगली नोकरी, दोन खोल्यांचं बिऱ्हाड, मुलं इंग्रजी शाळेत. सूनबाई दारात आली, 'या' म्हणाली. डायरेक्टर उंबरठा ओलांडून आत गेला, कमरेत वाकला, तिचा हात उचलला आणि हाताच्या पाठीवर ओठ टेकवले. शेजारच्या दोन बायका कृष्णाच्या देवळातून येऊन चपला काढत होत्या. त्यांनी आपापले हात पदराखाली घातले आणि चपला परत पायात घालून निघून गेल्या.

पुतण्याचा चेहरा पडला. मला गॅलरीत नेऊन म्हणाला, "काका, हे काय? बिल्डिंगमध्ये राहायचंय आम्हाला."

"त्यांच्यात पद्धत आहे," मी म्हटलं.

"त्यांच्यात असेल. परत आणू नका."

आतून सूनबाई म्हणाली, "आणा हो काका. इतक्या वर्षांत या घरात माझा हात कोणी धरलाय का? लाटणं सोडून?" आणि पुढच्या खेपेला तिने त्याच्यासाठी मूगडाळ घालून शेपूची भाजी केली. तो पानावर बसला, एक घास खाल्ला आणि ताट पुसून संपवलं. नंतर म्हणाला, "विथ डाळ. माय मदर डिड नॉट नो." त्याला फार वाईट वाटलं, की आईला हे ठाऊक नव्हतं.

त्याची आधीची हकिगत मला तुकड्या-तुकड्याने कळली, फळ्यांवर बसून. सिनेमाची शाळा त्याने एका गिरण्यांच्या शहरात केली. माझा बाप परळला गिरणीत होता, म्हणून ते शहर मला न बघता कळलं: धूर, भोंगा, चाळी. तिथं सिनेमाची शाळा कशाला, विचारलं. म्हणाला, राजधानी लढाईत जमीनदोस्त झाली होती, शाळेला उभं राहायला भिंत नव्हती, म्हणून. पहिला सिनेमा त्याने एका नावाड्यावर केला. त्याला बक्षीस मिळालं. दुसरा हसायचा केला, लोक हसले. तिसऱ्यात एक कारखान्याची सभा होती. पुढारी बोलतो, सगळे कामगार टाळ्या वाजवतात, एक वाजवत नाही. कारण त्याच्या हातात अंडी आहेत. बायकोने आणायला सांगितलेली.

सरकारी साहेबाने विचारलं, हा टाळ्या का वाजवत नाही?

डायरेक्टर म्हणाला, अंडी फुटतील.

साहेब म्हणाला, मग अंडी काढून टाका.

डायरेक्टरने काढली नाहीत. त्यांनी सिनेमाच उचलून कपाटात ठेवला आणि कुलूप लावलं. वर्षं गेली. सरकार गेलं, कुलूप निघालं, सिनेमा लागला. तोवर लोक अमेरिकन मारामाऱ्या बघायला लागले होते. पहिल्या दिवशी थिएटरात त्याची बहीण, तिची एक मैत्रीण आणि पावसासाठी आत आलेला एक माणूस. "ही वॉज नाइस मॅन," डायरेक्टर म्हणाला. "ही स्टेड. रेन स्टॉप, बट ही स्टेड." मग सिनेमाला पैसा देणारं कोणी उरलं नाही. साबणाच्या जाहिराती केल्या. कोणीतरी म्हणालं, ओमानात काम आहे. आला. हे तो रडत सांगायचा नाही. बटाटे सोलता सोलता सांगायचा.

आता त्या सिनेमाचं. डायरेक्टरचा जीव होता तो शायबवर. बाकी मासळी, लिंबं, रस्ते त्याने भराभर उरकलं. शायबच्या सावलीत मात्र कॅमेरा लावून दिवस दिवस काढले. त्यातला एक तुकडा त्याने मला खोलीत छोट्या टीव्हीवर दाखवला. शायब बसलाय, दांडा मांडीवर घेतो, दोरी चाचपतो, आवळतो, गाठ मारतो. पुढचा दांडा. परत गाठ. एक शब्द नाही. मान वर नाही. चाललंय, चाललंयच. मी जांभई दिली. खोटं कशाला सांगू? डायरेक्टर माझ्याकडे बघून म्हणाला, "गुड. यू यॉन. बट यू आर स्टिल हियर." हा तुकडा जसाच्या तसा सिनेमात राहील, असा शब्द त्याने शायबला दिला होता. शायबला दिसत नव्हतं धड, पण रोज माझ्याकडे येऊन तो विचारायचा, "नज्जार, कधी लागणार टीव्हीवर? माझी पोरं बघतील." नज्जार म्हणजे सुतार. पोरं त्याची होडी बघायला सावलीत येत नसत. टीव्ही बघायला बसत. म्हाताऱ्याने बरोबर ओळखलं होतं.

आणि एक दिवस डायरेक्टर कॅमेरा घेऊन माझ्याकडेच आला. "पान कारपेंटर, प्लीज. यू अँग्री. यू शाउट मी."

"व्हाय शाउट?"

"लाइक फर्स्ट डे."

मी म्हटलं, उगाच राग येत नाही. तर त्याने माझा नुकताच रंधा मारून ठेवलेला पाट घेतला आणि त्यावर चहाचा ओला ग्लास ठेवला. गोल डाग पडला. मग मी सुरू झालो. मराठीत, आमच्या राजापूरकडच्या मराठीत, त्याच्या सात पिढ्या, त्याचा कॅमेरा, त्याचं जाकीट, कोणाला सोडलं नाही. तो पाठ करून उभा, डोळे मिटून, गाणं ऐकावं तसा.

मी सिनेमात! गावी ट्रंक कॉल लावला. दार्सैतला कळवलं. अर्बाबला सांगितलं. किराणावाला, न्हावी, मशिदीसमोरचा चहावाला, सगळ्यांना सांगितलं. चौथीत शाळा सुटलेल्या माणसाचा चेहरा टीव्हीवर येणार होता. सांगू नको तर काय करू?

मग सिनेमा तयार झाला आणि डायरेक्टर तो मस्कतला मुदीरला, म्हणजे त्या ऑफिसच्या मोठ्या साहेबाला दाखवायला गेला. परत आला तो फळ्यांवर बसला.

मी विचारलं, "मुदीर लाइक?"

"ही लाइक यू. व्हेरी मच. ही लाफ, लाफ."

माझी छाती फुगल्यासारखी झाली. "अँड?"

"अँड ही कट शायब. टू लाँग."

"बट मी स्टे?"

"यू स्टे," तो म्हणाला. आणि मग मान हलवत, स्वतःशीच बोलावं तसं म्हणाला, "राँग. यू शुड गो. शायब शुड स्टे. यू आर माय व्हाइट डॉग."

डॉग एवढं इंग्रजी मला येतं. मी मोगरी खाली ठेवली. ठेवली म्हणून बरं. म्हटलं, "गेट आउट." तो काहीतरी समजावायला लागला. मी म्हटलं, "आउट! खलास!" आणि मी माझ्या हाताने केलेलं दार माझ्या हाताने त्याच्या तोंडावर लावलं. साहेब म्हणणारा माणूस कुत्रा म्हणतो, तेव्हा ते दुप्पट लागतं. त्यात मी काही चुकलो, असं मला आजही वाटत नाही.

मग बोलणं बंद. तो सकाळी यायचा, दाराबाहेर उभा राहायचा. मी रंधा मारायचो. आत ये म्हणायचो नाही, आणि आत ये म्हटल्याशिवाय तो येईना. उंबरठ्यावरून हातही पुढे करेना. नुसता उभा. एकदा शेपूची जुडी ठेवून गेला. मी ती बकरीला घातली.

शेवटी तो बाहेरूनच बोलला. कॅमेरामनला शेजारी उभं केलं होतं, हिंदीत सांगायला. म्हणाला, आमच्या देशात सिनेमा झाला की आधी साहेब बघणार. साहेबाला काहीतरी कापावंच लागतं, नाहीतर त्याच्या वरचा विचारेल, तू काय झोपला होतास? म्हणून आम्ही सिनेमात एक पांढरा कुत्रा सोडायचो. गंभीर प्रसंग चाललाय, आणि मधूनच कुत्रा जातो. साहेब म्हणणार, हा कुत्रा कशाला? काढा. आम्ही डोकं धरायचं, पाया पडायचं. साहेब, काहीही काढा, कुत्रा नको, कुत्रा म्हणजे सिनेमाचा प्राण! साहेब कुत्रा काढून खूश, आणि बाकीचं सगळं वाचायचं.

मी रंधा थांबवला नाही, पण हळू मारत होतो.

"अंड्यांच्या सिनेमात कुत्रा नव्हता?" मी विचारलं.

कॅमेरामनने विचारलं, डायरेक्टरने उत्तर दिलं. "बोलता है, नहीं था. उसके पहले प्राइज मिला था ना. सोचा, अब कुत्ते का क्या काम."

तर इथं, आमच्या सिनेमात, त्याने कुत्र्याच्या जागी मला सोडलं होतं. ओमानच्या सिनेमात मधूनच एक हिंदुस्थानी सुतार उभा राहतो आणि कळत नाही अशा भाषेत ओरडतो. हे कापतीलच, असा त्याचा हिशोब. पण त्याचा हिशोब पोलंडचा होता. इथल्या मुदीरला कोणाची भीती नव्हती. त्याला हसू आलं, त्याने ठेवलं. म्हातारा लांबला असं वाटलं, त्याने काढला. सरळ माणूस. सरळ माणसापुढे डायरेक्टरची सगळी विद्या फुकट गेली.

"सॉरी, पान कारपेंटर," तो म्हणाला.

मी म्हटलं, "कम इन्साइड." तो आत आला आणि दोन्ही हातांनी माझा हात धरला. चहा झाला. पण शायबचं काय, हे दोघांनीही काढलं नाही. भिंतीपलीकडे तो दोरी ओढताना खोकत होता, ते ऐकू येत होतं.

मी कोणाला न सांगता शेअर टॅक्सीने मस्कतला गेलो. दार्सैतला उतरलो. पुतण्याला म्हटलं, मला मुदीरच्या ऑफिसात घेऊन चल. तो जेवता जेवता थांबला. "काका, वेड लागलंय का? ऑफिसात जाऊन काय सांगणार? मला काढा म्हणून? लोक टीव्हीवर यायला मरतात. आणि व्हिसा गेला म्हणजे?"

"व्हिसा माझा आहे. तू भात खा."

एकटा गेलो. शिपायाला म्हटलं, मुदीर. तो म्हणाला, कोण आलंय म्हणून सांगू? मी म्हटलं, सिनेमातला सुतार. तो आत गेला, आणि मुदीर स्वतः बाहेर आला. तरुण, डोक्याला मुसर म्हणजे त्यांचा फेटा, अंगात कडक इस्त्रीचा पांढरा झगा, दिशदाशा. मला बघून टाळी वाजवली. "अरे, हाच तो! ओरडणारा!" आजूबाजूच्या खोल्यांतले लोक बोलावले. सगळे हसून माझा हात हातात घ्यायला लागले. आत नेऊन खजूर आणि कावा, म्हणजे तिथली बिनदुधाची कॉफी, समोर ठेवला. मुदीर मुंबईत शिकलेला, हिंदी छान बोलायचा.

"चाचा, काय म्हणत होतास रे तू? शब्द कळला नाही, तरी पोट दुखेपर्यंत हसलो. घरी बायकोला दाखवलं."

इतका मान मला त्या देशात कोणी दिला नव्हता. खोटं सांगत नाही, परत फिरावं असं एकदा वाटलं. मग मी कावा खाली ठेवला आणि म्हटलं, "मला काढा. शायबला ठेवा."

मुदीर हसायचा थांबला. "का?"

"डायरेक्टरने मला घातलं, ते तुम्ही कापावं म्हणून. म्हणजे शायब वाचेल."

बोलल्यावर कळलं की डायरेक्टरची चलाखी मी साहेबाच्या टेबलावर नेऊन ठेवली. पण मला आडून बोलता येत नाही. मनात आलं ते सांगितलं.

मुदीरने हातातला कप फिरवला. "म्हणजे मला फसवायचा बेत होता. फसलो नाही, तर तू येऊन सांगतोस, आता मुद्दाम फस."

"होय."

"तो म्हातारा काहीच करत नाही रे सिनेमात. गाठ, गाठ, गाठ. तुला बघवलं?"

"नाही. मला जांभई आली."

"मग?"

"तो मला रोज विचारतो, कधी लागणार. त्याला डायरेक्टरने शब्द दिलाय. मला कोणी शब्द दिला नव्हता. आणि मी तुम्हाला ओरडून दाखवीन परत, पाहिजे तर इथंच. त्याची ती शेवटची होडी आहे."

माझा कप रिकामा झालेला बघून मुदीरने स्वतः उठून कावा ओतला. मग म्हणाला, "इन्शाल्ला."

आता इन्शाल्लाचं काय करायचं? होईलही, नाहीही. टॅक्सीत बसून खाबुऱ्यापर्यंत मी त्याच एका शब्दावर विचार करत आलो.

डायरेक्टरला काही सांगितलं नाही. चौकट भिंतीत बसल्याशिवाय दार झालं, असं मी म्हणत नाही. त्याचं काम संपलं होतं, थोड्याच दिवसांनी तो जायला निघाला. सामान गाडीत, कॅमेरामन हॉर्न वाजवतोय. डायरेक्टर त्याला ओरडला, "पोवोली!" आणि माझ्या दारात येऊन थांबला. मी आत बोलावलं. आत आला. लोकरीचं जाकीट, पेन्सिली. आधी भिंतीशी जाऊन कान लावला. पलीकडे शायब काम करत होता. मग माझा हात दोन्ही हातांत घेतला, म्हणाला, "नो स्टॉप, पान कारपेंटर."

मी म्हटलं, "मी स्टॉप, व्हेन मी वाँट."

"येस," तो म्हणाला. "आय नो."

पुढे रमजान गेला, ईद गेली, आणि एके संध्याकाळी सिनेमा टीव्हीवर लागला. आम्ही शायबच्या घरी जमलो. शायब लोडाला टेकून, त्याची मुलं, आमचा अर्बाब, न्हावी, चहावाला. मी सगळ्यांना सांगून ठेवलेलंच होतं, त्यामुळे पहिल्यापासून सगळ्यांचं, आता नज्जार येणार, आता येणार. मासळी झाली. लिंबं झाली. रस्ते झाले. जिथं मी होतो, तिथं लिंबाच्या पेट्या ट्रकात चढवत होते. मी नव्हतो. अर्बाबने माझ्याकडे बघितलं. मी टीव्हीकडे.

मग शायब आला.

मांडीवर दांडा, दोरी, गाठ. पुढचा दांडा. धाकटा मुलगा म्हणाला, "टीव्ही अडकला काय?" मोठ्याने त्याला गप्प केलं. गाठ. गाठ. मोठा मुलगा गुडघ्यावर हनुवटी टेकून बघत होता, आणि त्याची बोटं नकळत हलत होती, दोरी आवळल्यासारखी. आणि त्या शांततेत मागून, भिंतीपलीकडून येत होतं: ठोक. ठोक. मग थांबलं. मग बराच वेळ नुसती दोरी आणि हवा. मग परत ठोक, ठोक.

शायबला पडदा दिसत नव्हता. तो मान वाकडी करून ऐकत होता, डायरेक्टरसारखा. त्याने हात लांब करून माझं मनगट शोधलं, धरलं आणि मुलांना म्हणाला, "हा नज्जार." मुलं वळून माझ्याकडे बघायला लागली. सिनेमा संपेपर्यंत त्याने मनगट सोडलं नाही.

मी दुसऱ्या दिवशी अर्बाबकडून मुदीरला निरोप धाडला, एक टेप पोलंडला पाठवा. पाठवतो म्हणाला. या वेळी इन्शाल्ला म्हणाला नाही, म्हणून पाठवली असेल असं मी धरतो.

सिनेमा लागला त्याच रात्री वर्कशॉपवर परत आलो, तर फोन वाजत होता. दार्सैतहून पुतण्या.

"काका, काय हे? शेजारीपाजारी बोलावून बसलो होतो. ही तर शिरा करून बसलेली. तुम्ही दिसलाच नाहीत!"

मी विचारलं, "टीव्हीचा आवाज मोठा ठेवला होतास का?"

"नाही, बारीकच होता. अरबी कोणाला कळतंय?"

"मग तुला काय कळणार," मी म्हटलं, आणि फोन ठेवला.